पुण्याची महापालिका कोणाच्या मालकीची?

ता. १५ जानेवारी २०२६ रोजी पुण्याच्या महापालिकेची निवडणूक झाली. हलगी वाजली, गुलाल उधळला, निवडून आलेल्यांच्या गळ्यात हार पडले, आणि पडलेल्यांनी नशिबाला बोल लावला. एकूण १६५ जागा भरल्या. आमच्या शेतकरी व कारागीर बंधूंना यावरून वाटत असेल की, चला, बोटाला शाई लागली, आपले काम संपले. आता पाच वर्षे तिकडे बघावयाचे कारण नाही. आमचे सांगणे याच्या उलट आहे. बाजारातून बैल आणून गोठ्यात बांधला म्हणजे नांगरट झाली, असे कोणता कुणबी म्हणतो? बैलाला जुंपावा लागतो, कासरा हातात धरावा लागतो, तास वाकडा गेला तर ओरडावे लागते. निवडून दिलेल्या सभासदाचेही तसेच आहे. कासरा सोडला की तो दुसऱ्याच्या रानात शिरलाच म्हणून समजा.

प्रथम हे ध्यानात घ्या की, ही निवडणूक तुम्हांला कोणी दानधर्म म्हणून दिलेली नाही. ती २०२२ सालीच व्हावयाची होती. मागील सभासद २०१७ साली निवडून आले; त्यांची मुदत १४ मार्च २०२२ रोजी संपली. १९९३ साली अंमलात आलेल्या ७४ व्या घटनादुरुस्तीने स्वच्छ सांगून ठेवले आहे की, नगरपालिकेची मुदत पाच वर्षे. त्याहून एक दिवस अधिक नाही. आणि नवी निवडणूक ती मुदत संपण्यापूर्वी पुरी झाली पाहिजे. तरी १५ मार्च २०२२ पासून जो प्रशासक बसला, त्याचा अंमल २०२६ उजाडेपर्यंत चालला. जवळजवळ पावणेचार वर्षे पुण्यासारख्या शहरात लोकांनी निवडलेला एकही माणूस सभागृहात नव्हता. मुंबईतही हाच प्रकार, आणि राज्यातील इतर अनेक शहरांतही हाच.

गरिबाची घरपट्टी थकली तर महिन्याला शेकडा दोन शास्ती चढते. दाराशी बँडवाला उभा करून अब्रू काढली जाते. मग घटनेची मुदत पावणेचार वर्षे थकविणारांवर कोणती शास्ती बसली? कोणाच्या दाराशी ढोल वाजला? कायदा म्हणजे दुबळ्याच्या पाठीवरचा आसूड आणि थोरांच्या हातातला पंखा, असा जर अर्थ होत असेल, तर तो आम्हांस मान्य नाही.

या काळात कारभार थांबला होता काय? मुळीच नाही! २०२५-२६ या एका वर्षाचे पुणे महापालिकेचे अंदाजपत्रक १२ हजार कोटी रुपयांच्या वर होते. अशी चार वर्षांची अंदाजपत्रके दर वेळी एकट्या प्रशासकाच्या सहीने मंजूर झाली. मांडणारा तोच, तपासणारा तोच, मंजूर करणारा तोच! खेड्यातील सोसायटीच्या सभेतही चहाच्या खर्चावरून दोन म्हातारे उठून प्रश्न विचारतात. येथे हजारो कोटींच्या खर्चावर प्रश्न विचारण्यास सभागृहात एक तोंड नव्हते. अधिकारी भला असेल, बुरा असेल. तो आमचा मुद्दाच नाही. भला अधिकारीसुद्धा सरकारला जबाबदार असतो, गल्लीतल्या मतदाराला नव्हे. बदलीचा हुकूम आला की तो दुसऱ्या गावी जातो. गटार मात्र आपल्याच दारात तुंबलेले राहते.

आता ही निवडणूक लांबली कशाने, याची हकीकत ऐका. ती ऐकून आमच्या माळी, कुंभार, तेली, सुतार, लोहार, न्हावी, शिंपी, कोष्टी बंधूंच्या अंगाचा तिळपापड झाल्याखेरीज राहणार नाही. १९९४ सालापासून महाराष्ट्रातील स्थानिक संस्थांत इतर मागासवर्गीयांस शेकडा सत्तावीस जागा मिळत होत्या. ता. ४ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की, अशा जागा ठेवावयाच्या तर स्वतंत्र आयोग नेमा, हे लोक किती मागे आहेत याची ताजी माहिती गोळा करा, आणि एकूण राखीव जागा निम्म्याच्या वर जाऊ देऊ नका. माहितीअभावी जागा गेल्या. ही माहिती गोळा करण्याचे काम कोणाचे? कुंभाराने चाक थांबवून घरोघर शिरगणती करावयाची होती काय? काम सरकारचे. राज्याने केंद्राकडे बोट दाखविले की, २०११ च्या पाहणीचे आकडे द्या. केंद्राने हात झटकले की, ते आकडे सदोष आहेत. या ढकलाढकलीत वर्ष गेले. मग बांठिया आयोग बसला. त्याने आडनावांवरून जात ताडण्याची युक्ती वापरली, अशी मोठी ओरड झाली. जाधव, पवार, शिंदे, मोरे ही आडनावे किती जातींत आहेत, हे आमच्या गावच्या कोणत्याही म्हातारीस विचारा. ती बोटे मोजता मोजता थकेल!

जुलै २०२२ मध्ये न्यायालयाने तो अहवाल स्वीकारला, जागा परत मिळाल्या. पण पुढच्याच महिन्यात ‘जैसे थे’चा हुकूम झाला आणि प्रकरण तारखांच्या गाळात रुतून बसले. अखेर ता. ६ मे २०२५ रोजी न्यायालयानेच सरकारला व निवडणूक आयोगाला बजावले की, २०२२ पूर्वी जशा जागा होत्या तशा ठेवा आणि निवडणुका घ्या. म्हणजे फिरून मूळ ठिकाणीच आलो! जे २०२५ साली करता आले, ते २०२२ साली का करता आले नाही? दरम्यान दोन सरकारे आली व गेली. दोन्हींत आमच्याच कैवाराच्या गोष्टी सांगणारे मंत्री होते. एकालाही मतपेटीची घाई नव्हती, कारण प्रशासक हा मंत्रालयाच्या तारेवर नाचणारा, आणि निवडलेला सभासद क्वचित का होईना, पण उलटून बोलणारा. कारागिरांच्या हक्काचे नाव पुढे करून कारागिरांचेच मत चार वर्षे कुलपात ठेवले, हा या प्रकरणाचा सरळ अर्थ आहे.

शेतकरी बंधूंनो, आता तुमच्या घराची गोष्ट. पुणे शहराने २०१७ साली भोवतालची ११ गावे पोटात घेतली, आणि जून २०२१ मध्ये आणखी २३. वाघोली, मांजरी, नऱ्हे, सूस, म्हाळुंगे, बावधन, किरकटवाडी, नांदेड, खडकवासला ही कालपर्यंत ज्वारीची, उसाची, भाजीपाल्याची गावे. ग्रामपंचायत गेली. सरपंच गेला. चावडीवर जाऊन ‘नळाला पाणी का नाही?’ असे विचारावयाची सोय गेली. बरे, बदल्यात नगरसेवक मिळाला काय? २३ गावे जून २०२१ मध्ये आत आली, मार्च २०२२ मध्ये सभागृहच बरखास्त झाले, आणि २०२६ पर्यंत त्या गावांनी निवडलेला असा एकही प्रतिनिधी पालिकेत बसला नाही. नकाशा आखण्याचा अधिकार महानगर विकास प्राधिकरणाकडे, पट्टी घेण्याचा अधिकार पालिकेकडे, आणि तक्रार ऐकण्याचा अधिकार कोणाकडेच नाही! शहराच्या दराने कर आणि खेड्याच्या मापाने पाणी, असा हा उफराटा सौदा झाला.

त्याचे फळ जानेवारी २०२५ मध्ये दिसले. सिंहगड रस्त्याच्या बाजूस नांदेड, किरकटवाडी, धायरी, खडकवासला, नांदोशी या भागांत माणसांचे हातपाय लुळे पडू लागले. डॉक्टरांनी नाव सांगितले गुइलेन-बारे. दोनशेंहून अधिक संशयित रुग्ण निघाले, कित्येकांना श्वासासाठी यंत्र लावावे लागले, काही दगावले. तपासात बोट दूषित पाण्याकडे गेले. या गावांना शुद्धीकरण केंद्रातून गाळून आलेले पाणी नव्हते. विहिरीत धरणाचे पाणी घ्यावयाचे, त्यात औषध टाकावयाचे आणि नळाला सोडावयाचे, अशी तेथील व्यवस्था होती. खडकवासल्याच्या धरणातून साऱ्या पुण्याला पाणी जाते, ते शहरात गाळून मिळते. आणि धरणाच्या भिंतीखालच्या गावाला तेच पाणी न गाळता! धरण उशाला आणि कोरड घशाला ही म्हण आमच्या वाडवडिलांनी केली. धरण उशाला आणि रोग घशाला ही भर मात्र आमच्या काळात पडली. त्या वेळी जाब विचारावयास सभागृहात त्या गावांचा माणूस असता तर रोग टळलाच असता, असे आम्ही म्हणत नाही. पण नळाला काय येते आहे, याची ओरड रोगाच्या आधी झाली असती, एवढे तरी खास.

फुरसुंगी आणि उरुळी देवाचीचे उदाहरण याहून बोलके आहे. तीन दशके पुण्याने आपला कचरा या दोन गावांच्या उशाशी नेऊन ओतला. विहिरींचे पाणी नासले. दुर्गंधीने जेवणाचा घास तोंडात जाईना. गावकऱ्यांनी गाड्या अडविल्या, खटले अंगावर घेतले. २०१७ साली ही गावे पालिकेत घेतली आणि २०२४ साली पुन्हा बाहेर काढून त्यांची वेगळी नगरपरिषद केली. कचरा टाकताना गाव आपले, खर्च करताना गाव परके! शहराच्या थाटाखाली कोणाची भुई दबली आहे, हे पाहावयाचे असेल त्याने मंडपातील भाषणे ऐकू नयेत. त्या डेपोच्या वाऱ्याच्या बाजूस घटकाभर उभे राहावे.

आता मतदानाच्या रीतीकडे वळू. पुण्यात २००७ साली एका प्रभागाला एक सभासद होता. २०१२ साली दोन झाले, २०१७ साली चार झाले. नंतर एका सरकारने पुन्हा एकाचा कायदा केला, मग त्याच सरकारने तीन केले, आणि पुढच्या सरकारने परत चार केले. एवढ्या वेळा तर पोर खेळातले नियमही बदलत नाही! २०२६ साली ४१ प्रभाग झाले. चाळिसांत चार-चार सभासद आणि एकात पाच. मुंबईत मात्र २२७ सभासद आणि २२७ प्रभाग. मुंबईच्या मतदाराला एक माणूस पुरतो आणि पुण्याच्या मतदाराला चार लागतात, ते का? पुणेकरांचे डोके चौपट आहे म्हणून काय?

कारण वेगळे आहे. एका वाडीचा, एका पेठेचा प्रभाग असला म्हणजे तेथला न्हावी, तेथला शिंपी, तेथला भाजीवाला लोकांच्या ओळखीवर उभा राहू शकतो. घरोघर पायी फिरता येते. पत्रके छापली नाहीत तरी चालते. पण पाऊण लाखावर वस्तीचा प्रभाग केला की पायी फिरणारा माणूस दमतो, आणि मोटारींचा ताफा, मोठा फलक व भाड्याचे कार्यकर्ते असलेला पुढे जातो. कायद्याने प्रत्येक उमेदवाराला दहा लाखांहून अधिक खर्च करण्याची मुभा दिली आहे. दहा लाख! हातमागावर बसणाऱ्याने किंवा चपला शिवणाऱ्याने तो आकडा स्वप्नात तरी पाहिला आहे काय? आणि निवडून आल्यावर रस्त्यात खड्डा पडला तर तक्रार कोणाकडे न्यावी? ‘अ’ म्हणतो ‘ब’कडे जा, ‘ब’ म्हणतो ते ‘क’चे काम, ‘क’ म्हणतो ‘ड’ने निधी अडविला. चौघांची गाय असली म्हणजे दूध सारेच काढतात. वैरण घालताना मात्र कोणी सापडत नाही. राखीव जागा सोयीच्या व्हाव्यात म्हणून चार लागतात, अशी मखलाशी कोणी करील तर त्यास मुंबईकडे बोट दाखवावे. तेथे एकसदस्यी प्रभाग असून राखीव जागा फिरत्या आहेत, आणि काही अडत नाही.

याच निवडणुकीत राज्यातील कित्येक शहरांत उमेदवार बिनविरोध निवडून आले. पुणेही त्यास अपवाद राहिले नाही. बिनविरोध हा शब्द कानाला गोड लागतो. गावच्या पारावर शहाण्यांनी बसून, एकविचाराने एखाद्यास निवडले तर त्यात गोडी आहेही. पण हजारो मतदारांच्या प्रभागात अर्ज भरणारे शेवटच्या दिवशी एकाएकी माघार घेतात, तेव्हा लोकांना एकमत झाले असे न वाटता सौदा झाला असे वाटते. यंत्रावर ‘यांपैकी कोणी नाही’ असे एक बटण ठेवले आहे. बिनविरोध झाले की ते बटणही दाबावयास मिळत नाही. म्हणजे नकार देण्याचाही हक्क गेला. मताशिवाय मिळालेली खुर्ची ही लोकांची खुर्ची नव्हे, असे आम्ही स्पष्ट सांगतो.

येथवर दुसऱ्यांचे माप काढले. आता आपल्या घरातले काढू. निवडणुकीच्या आदल्या रात्री दार वाजते. कोणी पाकीट देतो, कोणी साडी, कोणी देवदर्शनाची गाडी, कोणी मटणाची पंगत. घेणारा म्हणतो, ‘त्यांचाच हरामाचा पैसा आहे, घेतला तर काय बिघडले?’ हिशेब करू या. समजा, दोन हजार रुपये घेतले. पाच वर्षांचे दिवस होतात अठराशे पंचवीस. दिवसाला पडला एक रुपया दहा पैसे. एवढ्यात हल्ली चहाचा घोटही येत नाही. त्या एका रुपयात तुम्ही पाच वर्षांचे पाणी, गटार, दिवा, शाळा आणि दवाखाना विकला! ज्याने मत विकत घेतले त्याच्याकडे पुढे तक्रार घेऊन कोणत्या तोंडाने जाणार? तो म्हणेल, ‘तुझा माल मी रोखीने घेतला, पावती पुरी झाली.’ आणि तो पैसा त्याने घरच्या शेतातून आणला नव्हता. रस्त्याच्या डांबरात, गटाराच्या सिमेंटात आणि टँकरच्या खेपांत तो दामदुपटीने वसूल व्हावयाचा आहे.

दुसरे दुखणे जातीच्या आंधळ्या अभिमानाचे. ‘आपला माणूस’ म्हणून मत द्यावयाचे आणि निवडून आल्यावर तो ठेकेदाराचा माणूस झाला तरी हूं की चूं करावयाचे नाही! आपल्या जातीचा खिसेकापू खिसा कापताना जातीचा विचार करतो काय? बहुजनांचा प्रतिनिधी बहुजनांच्या पोटी जन्मला एवढ्याने होत नाही. तो बहुजनांच्या कामाला आला म्हणजे होतो. तिसरे दुखणे घराघरातले. १६५ पैकी ८३ जागा स्त्रियांच्या. आमच्या बाया शेत राखतात, बाजार करतात, कर्ज फेडतात. त्या काय सभागृहात बोलू शकणार नाहीत? पण सही बाईची आणि कारभार नवऱ्याचा, फलकावर बाईचे नाव छोटे आणि नवऱ्याचे मुंडके मोठे, हा तमाशा पुष्कळ ठिकाणी दिसतो. सावित्रीबाईंचे नाव घेऊन मते मागणारांनी सभागृहाच्या दारातून आपल्या नवरेपणासह मागे फिरावे.

कोणी म्हणेल, ‘पालिका म्हणजे गटार-दिवाबत्तीची गोष्ट, तिच्यासाठी एवढा आटापिटा कशास?’ त्याने मागची पाने उलटून पाहावीत. १८७६ पासून काही वर्षे जोतीराव फुले पुणे म्युनिसिपालिटीचे सरकारनियुक्त सभासद होते. एका व्हाइसरॉयच्या स्वागताला हजार रुपये उधळावयाचा बेत निघाला, तेव्हा तो पैसा गरिबांच्या शिक्षणाला लावा, असे म्हणून विरोधी मत देणारा तो एकच मर्द होता. मंडईच्या खर्चिक इमारतीलाही त्यांनी त्याच कारणाने विरोध केला. आज त्याच मंडईवर त्यांचे नाव आहे. १९२५ साली केशवराव जेधे यांनी त्याच म्युनिसिपालिटीत फुल्यांचा पुतळा उभारण्याचा ठराव आणला, तर तो हाणून पाडला गेला. संख्याबळ नव्हते, म्हणून जोतीरावांच्या गावातच जोतीरावांना जागा नव्हती!

महाडची गोष्ट तर प्रत्येक घरात सांगितली पाहिजे. बोले यांच्या ठरावानंतर महाडच्या म्युनिसिपालिटीने १९२४ साली चवदार तळे अस्पृश्यांस खुले केले. ठराव कागदावर राहिला. ता. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकरांनी हजारो लोकांसह त्या तळ्याचे पाणी घेतले, तेव्हा डोकी फुटली. आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये म्युनिसिपालिटीने आपला जुना ठराव रद्द केला. उच्च न्यायालयाचा निकाल अस्पृश्यांच्या बाजूने लागावयास १९३७ साल उजाडले. एका ठरावाने पाणी खुले होते, एका ठरावाने बंद होते. ठरावाला हात वर करणारे कोण आहेत, हा प्रश्न म्हणूनच क्षुल्लक नव्हे. तो घोटभर पाण्याचा प्रश्न आहे, आणि नांदेड-किरकटवाडीने २०२५ साली तो पुन्हा अनुभवला.

तेव्हा करावयाचे काय? पहिले, मुदत संपण्यापूर्वी निवडणूक झालीच पाहिजे, आणि न झाल्यास जबाबदार कोण हे कायद्यात लिहिले पाहिजे, ही मागणी आतापासून लावून धरावी. २०३१ साली जागे होऊन उपयोग नाही. दुसरे, पुण्यालाही मुंबईप्रमाणे एका प्रभागास एक सभासद असावा. तिसरे, आत घेतलेल्या प्रत्येक गावास गाळलेले पाणी कोणत्या तारखेस मिळणार, हे पालिकेने लेखी सांगावे. तोवर शहराच्या दराची पट्टी मागू नये. चौथे, महाराष्ट्राने २००९ साली क्षेत्रसभेचा कायदा केला; मतदारांना प्रभागात बसून कामे सुचविण्याचा व हिशेब विचारण्याचा तो हक्क कागदावर धूळ खात पडला आहे. तो झटकून बाहेर काढा. पाचवे, तुमच्या प्रभागातील चारही सभासदांस एका जागी, एका दिवशी बोलवा. आणि रस्ता, पाणी, शाळा, दवाखाना यांपैकी कोणाकडे काय, हे लोकांसमक्ष वदवून घ्या. म्हणजे ‘अ’ने ‘ब’कडे पाठवावयाची वाट बंद होईल.

यासाठी पुढाऱ्याची वाट पाहू नका. दहा घरे मिळून एक वही घाला. नळाला पाणी किती दिवसांनी आले, कचऱ्याची गाडी कधी फिरली, कामाला ठेकेदार कोण, पाटी लावली की नाही, एवढे तिच्यात रोज लिहा. पोरे आता शाळा शिकली आहेत. त्यांच्या हाती लेखणी द्या. सभासद मते मागण्यास पुन्हा येईल तेव्हा त्याच्यापुढे हार ठेवू नका, ही वही ठेवा. आपल्या आजोबांना सावकाराची वही वाचता येत नव्हती, म्हणून जमिनी गेल्या. नातवाला स्वतःची वही लिहिता येते. आता जर पालिका गेली, तर दोष सावकाराचा म्हणता येणार नाही.